गच्चीवरच्या ड्रममध्ये बहावा, तामण आणि सोनचाफा

नागपुरातले आमचे अंगणाचे घर 2014 मध्ये विकून आम्ही तिसऱ्या मजल्यावरच्या सदनिकेत राहायला आलो, तेव्हा अंगणातले एकही झाड सोबत येणार नव्हते. वरची गच्ची मात्र आमच्या वाट्याला आली होती, आणि तिथे बहावा, तामण व सोनचाफा लावायचेच, असा हट्ट मी धरला. जमिनीत ही तिन्ही झाडे 10 मीटरच्या पलीकडे सहज जातात. त्यामुळे रोपवाटिकेतल्या गृहस्थांनी रोपे देताना, ‘ताई, शेवंती लावा ना,’ असे एकदा सुचवून पाहिले.

पहिला प्रश्न वजनाचा होता. 200 लिटरचे निळे ड्रम मधोमध कापून घेतले की प्रत्येक अर्ध्या भागात सुमारे 100 लिटर माती मावते, आणि ती भिजल्यावर दीडशे किलोंच्या वर जाते. लोकांची ये-जा असलेल्या सपाट गच्चीसाठी भारतीय मानकात धरलेला भार प्रति चौरस मीटर 150 किलोंच्या आसपास आहे, तर आमचा ड्रम तेवढे वजन जेमतेम पाव चौरस मीटरवर टाकणार होता. आराखडा पाहून एका अभियंत्याने खांब व तुळया कुठून जातात ते खडूने आखून दिले आणि ड्रम त्याच रेषांवर, विटांवर उचलून ठेवायला सांगितले. झाडे ओळीत शोभत नाहीत अशी तक्रार घरात आजही होते. ती ओळ माझी नसून तुळयांची आहे.

मातीत मात्र मी फसले. जुन्या अंगणातली काळी माती मायेपोटी पोत्यांत भरून आणली होती. उन्हाळ्यात ती आकसून ड्रमच्या कडेपासून सुटली आणि घातलेले पाणी मुळांना न भिजवता त्या फटीतून थेट खाली जाऊ लागले. पावसाळ्यात तीच माती फुगून चिखल झाली. तामणाने तो चिखल निभावला, कारण ते मुळातच नदीनाल्यांच्या काठचे झाड आहे, पण सोनचाफ्याचे पहिले कलम बुडापाशी कुजून गेले. त्यानंतर पोयटा, कोकोपीट, भाताचे तूस आणि जुने शेणखत यांचे हलके मिश्रण केले, त्यात मूठभर निंबोळी पेंड घातली आणि ड्रमच्या तळाबरोबरच बाजूंनाही खालच्या अंगाला भोके पाडली.

खरी परीक्षा मे महिन्यात असते. नवतपा सुरू झाला की दुपारी तीन वाजता ड्रमच्या पश्चिमेकडच्या बाजूला हात लावून ठेवता येत नाही, आणि आतली मुळे नेमकी त्याच भिंतीला चिकटलेली असतात. आपण मात्र वरच्या पानांकडे पाहत बसतो आणि पाणी वाढवत राहतो. ड्रमना चुन्याचा पांढरा हात दिला, भोवती ओले गोणपाट गुंडाळले आणि लहान कुंड्या पश्चिमेला मांडून त्यांची सावली घेतली, तेव्हा दुपारी माना टाकणारी पाने कमी झाली.

याच काळात काटकसर म्हणून कूलरच्या टाकीतले उरलेले पाणी मी झाडांना घालत असे. बोअरचे पाणी आधीच जड, त्यात कूलरमध्ये ते उडत जाते आणि क्षार मागे साठत राहतात, हे लक्षात येईपर्यंत सोनचाफ्याच्या पानांच्या कडा जळाल्या होत्या आणि नवी पाने शिरा तेवढ्या हिरव्या ठेवून पिवळी पडली होती. हिराकस घालूनही फरक पडला नाही, कारण अशा अल्कधर्मी मातीत त्यातले लोह लगेच बांधले जाते. शेवटी पावसाच्या पाण्याने ड्रम दोनतीनदा भरपूर धुऊन काढला आणि अल्कधर्मी मातीतही टिकणारे चिलेटेड लोह दिले, तेव्हा पालवी हिरवी आली.

मुळांची छाटणी मी 2017 च्या जूनमध्ये प्रथम केली. बहाव्याला घातलेले पाणी क्षणात खालून बाहेर येत होते, म्हणजे आत मातीपेक्षा मुळेच जास्त झाली होती. दोन दिवस पाणी तोडून आम्ही तिघांनी ड्रम आडवा केला. मुळांचा गोळा ड्रमच्या आकाराचाच निघाला, कडेने वेटोळी घातलेला आणि पश्चिमेच्या अंगाला तपकिरी, मेलेला. करवतीने बाहेरचा आणि तळचा मिळून साधारण चौथा हिस्सा कापला, त्या बेताने फांद्याही कमी केल्या, नवी माती भरली आणि तीन आठवडे शेडनेटखाली ठेवले. बहाव्याला नवी पालवी फुटली आणि पाठोपाठ पिवळसर फुलपाखरांच्या अळ्या ती खायला आल्या. मी त्यांना हाकलले नाही.

त्या उत्साहात सोनचाफ्यालाही तीच करवत लावली, ही माझी सर्वांत मोठी चूक. त्याची मुळे मांसल असतात आणि दुखापत सहन करत नाहीत. झाडाने सगळी पाने टाकली आणि सावरायला दीड वर्ष घेतले. आता त्याच्या मुळांना हात न लावता दरवर्षी वरची चार बोटे माती काढून खतमिश्रित नवी माती भरते.

बहाव्याला 2021 च्या एप्रिलमध्ये पहिले तीन घोस आले. झाड तेव्हा नऊ फुटांचे होते आणि त्याहून उंच मी ते जाऊ देत नाही, कारण वळवाच्या वाऱ्यात उंच शेंडा ड्रमसकट आडवा होतो. तामण दरवर्षी जांभळे होते, पण यंदा त्याचे पाणी खालून भराभर वाहू लागले आहे. त्याचा ड्रम पहिला पाऊस पडला की आडवा करायचा आहे, आणि या खेपेस तिघांनी भागणार नाही.