मेजर सरांचा फलक

महोत्सव समितीचं पत्र आलं आणि मी आधी माळ्यावरची पत्र्याची ट्रंक खाली काढली. तिच्यात सरांची अकरा पोस्टकार्डं आहेत, तीन आंतर्देशीय पत्रं आहेत आणि एका जुन्या वहीच्या पुठ्ठ्यात जपलेलं वर्तमानपत्राचं एक कात्रण आहे. शाळेच्या आठवणी लिहायला सांगितल्या आहेत. आठवणी पुष्कळ आहेत, पण लिहायला बसलं की भूगोलाचे सरच येऊन समोर उभे राहतात. बाकीच्या गुरुजनांनी मला क्षमा करावी.

आपल्या सरांना सगळी शाळा ‘मेजर सर’ म्हणायची. ते एन.सी.सी.चे थर्ड ऑफिसर. मेजर ते कधीच नव्हते, पण त्यांची चाल पाहून गावाने त्यांना ती पदवी देऊन टाकली होती. त्यांचा फलक मुख्याध्यापकांच्या खोलीपासून पाण्याच्या टाकीकडे जाताना लागायचा. हिरवं कापड लावलेला, दोन खिळ्यांवर टांगलेला. त्यावर रोज एकच बातमी. दहा बातम्या लावल्या तर मुलं एकही वाचत नाहीत, असं सरांचं म्हणणं. इंग्रजी पेपर साताऱ्याहून एस.टी.ने दुसऱ्या दिवशी यायचा. सर तो रात्री वाचत आणि सकाळी कात्रण माझ्या हातात देत. आठवीत असताना फलकाची जबाबदारी माझ्याकडे होती.

नोव्हेंबर १९८७. त्या दिवशीच्या कात्रणात एका काळ्या अमेरिकन लष्करी अधिकाऱ्याचा फोटो होता. लेफ्टनंट जनरल कॉलिन पॉवेल, अध्यक्ष रेगन यांचे नवे राष्ट्रीय सुरक्षा सल्लागार. त्या जागेवर पोचलेला पहिला कृष्णवर्णीय. मला त्या शब्दांतला ‘जनरल’ एवढाच कळला. सरांनी भूगोलाचा तास बाजूला ठेवला आणि आम्हाला समजावून सांगितलं. परराष्ट्र खातं एक सांगतं, संरक्षण खातं दुसरं, गुप्तहेर तिसरंच. तिघांनाही अध्यक्षांची सकाळ हवी असते. सगळ्यांचं ऐकून, कुणाचंही न चोरता, खरं काय ते अध्यक्षांपुढे मांडायचं, हे या माणसाचं काम. “आपल्या शाळेचं वेळापत्रक कोण करतं? सगळ्या शिक्षकांना पहिला तास हवा असतो. वेळापत्रक करणाऱ्याने स्वतःसाठी चांगला तास चोरला की शाळा बिघडली,” असं सर म्हणाले. त्या कचेरीत नेमकं तेच घडलं होतं, हे मला फार उशिरा कळलं. आधीच्या सल्लागारांच्या काळात तिथूनच इराणला गुपचूप शस्त्रं विकली गेली आणि तो पैसा निकाराग्वाच्या बंडखोरांकडे वळवला गेला. १९८७ च्या जानेवारीत फ्रँक कार्लुची सल्लागार झाले आणि पॉवेल त्यांचे उपप्रमुख. खरं तर पॉवेल तेव्हा जर्मनीत फ्रँकफुर्टला एका कोअरचे प्रमुख होते. सैनिकाला याहून प्रिय जागा नसते. अध्यक्षांचा फोन आला म्हणून ते ती सोडून आले. विसकटलेली कचेरी दोघांनी नीट बसवली आणि कार्लुची संरक्षणमंत्री झाल्यावर पॉवेल त्यांच्या खुर्चीत आले. महिन्याभरात, ८ डिसेंबरला, रेगन आणि गोर्बाचेव्ह यांनी वॉशिंग्टनमध्ये मध्यम पल्ल्याच्या क्षेपणास्त्रांच्या करारावर सही केली. त्या कराराने पुढे २,६९२ क्षेपणास्त्रं नष्ट झाली. ते कात्रणही मीच लावलं. सरांनी त्याखाली खडूने जगाचा नकाशा काढला होता.

आमच्या भागात घरटी एक माणूस फौजेत. फौजींचं गाव म्हणून साताऱ्याजवळच्या अपशिंगे मिलिटरीचं नाव तर सगळ्यांना ठाऊक आहे. पण आमच्या डोळ्यांसमोर हवालदार असायचा, फार तर सुभेदार मेजर. अधिकारी म्हणजे दुसऱ्या जातीचा, दुसऱ्या भाषेचा माणूस. सरांना तेच मोडायचं होतं. पॉवेल यांचे आईवडील जमैकातून न्यूयॉर्कला आले. वडील कपड्यांच्या व्यवसायात माल पाठवणारे कारकून, आई शिवणकाम करायची. माझीही आई शिवणकामच करायची. सरांनी ते वाक्य वर्गात दोनदा सांगितलं आणि दुसऱ्यांदा सांगताना माझ्याकडे पाहिलं. पॉवेल वेस्ट पॉइंटच्या नामांकित अकादमीत गेलेच नाहीत. न्यूयॉर्कच्या सिटी कॉलेजात शहरातल्या मुलांना फी नव्हती, तिथे शिकले. आपल्या एन.सी.सी.सारखं तिथे अधिकारी घडवणारं प्रशिक्षण असतं, त्यात त्यांचा जीव रमला. आधी अभियांत्रिकी धरली, ती सोडली, पदवी घेतली भूशास्त्राची आणि तीही बेताच्या गुणांनी. “विषय कोणता, सांगा पाहू? दगड!” असं म्हणून सरांनी अजिंक्यताऱ्याकडे हात केला. त्या दिवसापासून मला काळा पाषाण वेगळाच दिसायला लागला. पुढे पुण्यात मी भूशास्त्र घेतलं ते त्या एका वाक्यामुळे.

आता एक लहानशी गोष्ट सांगतो. ती ज्यांना आठवत असेल असे वर्गमित्र दोन-तीनच असतील. २६ जानेवारी १९८८. ध्वजवंदनाला फौजेतले एक कर्नल पाहुणे येणार होते आणि मानवंदनेच्या पथकात माझी निवड झाली होती. मी सरावाला सलग दोन दिवस उशिरा गेलो. सरांनी कारण विचारलं नाही, पथकातून नाव काढलं. वर सांगितलं, सकाळी सहाला ये आणि पाहुणे यायच्या आत व्हरांडा पूस. बांबूला गोणपाट बांधलेला पोचा आणि विहिरीच्या पाण्याच्या दोन बादल्या. शहाबादी फरशी, जानेवारीतली थंडी, मैदानावर पोरं कडक इस्त्रीच्या गणवेशात. मी रडत पुसत होतो. सर आले, काही न बोलता माझ्या हातातून बांबू घेतला. “पुढे-मागे ओढू नको. डावीकडून उजवीकडे. नाही तर कंबर मोडेल.” चार हात मारून दाखवले आणि गेले. पाहुणे त्याच फरशीवरून चालत गेले. समारंभ संपल्यावर सर व्हरांड्याच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत चालून आले. “फरशी चांगली पुसलीस.” एवढंच. पुढच्या वर्षी त्या पथकाच्या पुढे मी होतो.

१९९५ मध्ये सरांचं एक आंतर्देशीय पत्र आलं. मी तेव्हा पदवीच्या शेवटच्या वर्षाला होतो आणि एन.सी.सी.च्या ‘सी’ प्रमाणपत्रावर लष्करी अधिकारी घडवणाऱ्या चेन्नईच्या अकादमीसाठी अर्ज करायच्या विचारात होतो. पॉवेल तोवर अमेरिकेचे सर्वोच्च सेनाधिकारी होऊन, आखाती युद्ध पार पाडून निवृत्त झाले होते. सरांना त्यांच्या तरुणपणाची एक हकिगत कुठेतरी वाचायला मिळाली होती. कॉलेजात असताना उन्हाळ्यात ते पेप्सीच्या कारखान्यात कामाला होते. यंत्रांवर गोरी माणसं, फरशी पुसायला काळी. त्यांनी ठरवलं, पुसायचीच तर उत्तम पुसायची. तेही पोचा आडवा मारायला शिकले, पाठ मोडू नये म्हणून. उन्हाळा संपताना मुकादम म्हणाला, पोरा, फरशी बरी पुसतोस. पुढच्या वर्षी ते यंत्रावर होते. हे सगळं लिहून खाली सरांनी एकच ओळ लिहिली होती: ‘बाळ, आपला व्हरांडा आठवला.’ त्या सकाळचं त्यांच्याही मनात काही राहून गेलं होतं, हे मला सात वर्षांनी कळलं. मुलाखतीला अलाहाबादला गेलो तेव्हा ते पत्र खिशात होतं.

माझ्या नोकरीविषयी फार लिहीत नाही. फौजेच्या इंजिनिअर्समध्ये होतो, बॉम्बे सॅपर्स. रस्ते केले, पूल बांधले, सुरुंग पेरले आणि काढले. कर्नल होऊन मुदतीआधी निवृत्त झालो. सरांची पोस्टकार्डं मात्र प्रत्येक ठाण्यावर पोचली. १९९८ च्या नोव्हेंबरात आपल्या देशानेही राष्ट्रीय सुरक्षा सल्लागाराचं पद निर्माण केलं आणि ब्रजेश मिश्र पहिले सल्लागार झाले. सरांचं कार्ड आठवड्यात हजर: ‘आपल्याकडेही खुर्ची आली. बसणारा फौजी नाही, पण येईल एखादा.’ अजून आलेला नाही. आजवरचे पाचही सल्लागार परराष्ट्र सेवेतले किंवा पोलीस सेवेतले. मला याची खंत वाटते आणि मी ती लपवत नाही. संसदेवरच्या हल्ल्यानंतर, २००२ च्या जानेवारीत, आम्ही पंजाबातल्या गव्हाच्या शेतांत सुरुंग पेरत होतो, तेव्हा परराष्ट्रमंत्री झालेले पॉवेल युद्ध टाळण्यासाठी इस्लामाबाद आणि दिल्लीला आले होते. ‘तुझा माणूस दिल्लीत आलाय, जपून राहा,’ असं सरांनी लिहिलं.

आमचं बिनसलं ते एकदाच. ५ फेब्रुवारी २००३ ला पॉवेल संयुक्त राष्ट्रांच्या सुरक्षा परिषदेत बोलले. इराककडे महाविनाशक शस्त्रं आहेत, हे त्यांनी तासाभराहून अधिक वेळ मांडलं, पांढऱ्या भुकटीची लहानशी कुपी बोटांत धरून दाखवली. मार्चमध्ये युद्ध झालं. तसली शस्त्रसाठ्याची कोठारं मिळाली नाहीत. मी सरांना फोनवर म्हणालो, सैनिक आहे तो, अध्यक्षांनी सांगितलं, त्याने पार पाडलं, त्याला दोष का द्यायचा? सर बराच वेळ गप्प होते. मग त्यांनी आठवीतल्या गावनकाशाची आठवण काढली. तुम्हालाही आठवत असेल. तलाठ्याकडचा नकाशा घेऊन आम्ही सगळा शिवार पायी फिरलो होतो. नकाशात ओढा देवळाच्या पूर्वेला होता आणि प्रत्यक्षात तो पश्चिमेकडून वाहत होता. “दुसऱ्याने काढलेल्या नकाशावर त्याने आपलं नाव घातलं. ओढा बघायला हवा होता,” असं सर म्हणाले. मी वाद घातला आणि फोन जरा लवकरच ठेवला. दोन वर्षांनी पॉवेल स्वतःच मुलाखतीत म्हणाले की ते भाषण आपल्या कारकिर्दीवरचा डाग आहे. वेळापत्रक करणाऱ्याचा धर्म सरांनी आम्हाला १९८७ मध्येच सांगितला होता आणि त्या खुर्चीत बसून पॉवेल यांनी तो पाळलाही होता. पुढच्या खुर्चीत तो निसटला. आज मी सरांच्या बाजूला आहे, पण हे त्यांना सांगायचं राहून गेलं. मी कात्रण मात्र टाकलं नाही. सरांनीही टाक म्हटलं नव्हतं.

सर २०१६ मध्ये गेले. १८ ऑक्टोबर २०२१ ला पॉवेल गेल्याची बातमी आली, कोविडचं निमित्त झालं, वय ८४. मी सवयीने फोन हातात घेतला आणि मग लक्षात आलं, लावायचा कुणाला?

२०२३ मध्ये मुलीकडे न्यूयॉर्कला गेलो होतो. ती म्हणाली, पुतळा दाखवते, समुद्र दाखवते. मी म्हटलं, आधी सिटी कॉलेज. हार्लेममध्ये टेकडीवर आहे. जुन्या इमारती गडद करड्या दगडाच्या आणि कडांना पांढरी नक्षी. तो दगड तिथलाच, मॅनहॅटनच्या पोटातला शिस्ट. आपला बेसाल्ट लाव्ह्याचा, हा दाबाखाली आणि उष्णतेत रूप पालटलेला. उन्हात त्यातला अभ्रक चमकत होता. भिंतीवर हात ठेवून मी बराच वेळ उभा राहिलो. तिथल्या एका विद्याशाखेला आता पॉवेल यांचं नाव आहे. दाराशी एका विद्यार्थ्याला मी पॉवेल यांच्या नावाचा उच्चार विचारून घेतला, तर तो ‘कोलिन’ म्हणाला. आम्ही शाळेत ‘कॉलिन’ म्हणत होतो. लहानपणी घरचे ‘कॉलिन’च म्हणायचे, पण दुसऱ्या महायुद्धात कोलिन केली नावाचा वैमानिक गाजला आणि गल्लीतल्या पोरांनी यांचंही नाव तसंच करून टाकलं, हे मी नंतर वाचलं. सरांना हे ऐकून फार आनंद झाला असता. फलकावर त्यांनी लगेच खडूने दुरुस्ती केली असती.

गेल्या दिवाळीत शाळेत येऊन गेलो. इमारतीला रंग छान दिला आहे, संगणकाची खोली झाली आहे, मुली मुलांहून जास्त आहेत, हे पाहून बरं वाटलं. एन.सी.सी.चं पथक मात्र आता नाही आणि व्हरांड्यात सूचनांचा पडदा लागला आहे, त्यावर अक्षरं सरकत राहतात. मी पाच मिनिटं उभा होतो, एकही मूल थांबून वाचताना दिसलं नाही. समितीने आणि मुख्याध्यापकांनी परवानगी दिली, तर फलक मी करून आणतो, हिरव्या कापडाचा, त्याच मापाचा. पहिल्या दिवशी ट्रंकेतलं कात्रण लावू. टाकीकडच्या भिंतीत पाहिलं, रंगाखाली ते दोन खिळे अजून आहेत.