अर्धं तिकीट

"पुढं सरका, पुढं सरका, मधे जागा आहे!" अण्णा दिवसभर बोलायचे ते असं, परक्या माणसांशी. घरी आले की तोंडाला कुलूप. ते एसटीत कंडक्टर. वस्तीची गाडी असली तर दुसऱ्या दिवशी दुपारी उगवायचे. खाकी सदऱ्याला डिझेलचा आणि घामाचा वास, बोटांना नाण्यांचा.

मला आधी त्यांचा पंच हवा होता. कालनिर्णयाच्या मागच्या महिन्यांना मी इतकी भोकं पाडली की आईचा दुधाचा हिशेबच गेला. अण्णा ओरडले नाहीत. मूठ कशी धरायची ते दाखवलं.

मग मला गुपित कळलं. "आजचा दिवस कसा गेला?" विचारलं की उत्तर यायचं, "बरा." पण "आज उभे किती होते?" विचारलं की अण्णा ताट बाजूला सारून सांगायला लागत. बाजाराचा दिवस, कोंबड्यांची टोपली, सुट्टे नसलेला म्हातारा. सहा किलोमीटरचा एक टप्पा, हे मी पाढ्यांआधी शिकले. थांबायला एक घंटी आणि निघायला दोन का, हेही विचारलं होतं. "थांबताना गाडी आपल्या ताब्यात असते," म्हणाले, "निघताना कुणाचा तरी पाय पायरीवर असतो."

मला बारा वर्षं पूर्ण झाली त्याच आठवड्यात त्यांच्या गाडीत बसले. पास संपला होता. मी सवयीनं म्हटलं, "एक अर्धं." त्यांनी पूर्ण फाडलं, खिशातून स्वतःचे पैसे काढून चामड्याच्या पिशवीत टाकले आणि पुढं गेले. मी फुगून खिडकीबाहेर बघत बसले. आज वाटतं, वाढदिवस लक्षात ठेवायची त्यांची तीच रीत असावी. त्या दिवशी मात्र रागच आला होता.

पुणे-अहमदनगर पहिली एसटी धावली १ जून १९४८ला. अण्णाही त्याच सालचे. पंच्याहत्तरी ओलांडल्यामुळे त्यांचा प्रवास आता फुकट. आणि मार्च २०२३पासून बायकांना निम्मं भाडं. परवा दोघं गावी निघालो. कंडक्टर बाईंनी मशीनमधून माझी चिठ्ठी काढून दिली. अण्णांनी ती हातात घेतली, चष्मा वर करून वाचली.

"पुन्हा अर्धीच झालीस की," म्हणाले.

मी विचारलं, "अण्णा, उभे किती?"

मान वळवून त्यांनी मागपर्यंत मोजायला सुरुवात केली.