टीव्हीची नांदी

कुकरच्या तीन शिट्ट्या होईस्तोवर मोबाइल डब्यांना टेकवून काहीतरी बघत बसायचं, ही माझी जुनी खोड. परवा त्यात अ‍ॅडेल डिक्सन ही जुनी इंग्रज गायिका-नटी सापडली. कृष्णधवल चित्र, मागे पडदा, आणि ही बाई चक्क टेलिव्हिजनबद्दलच गाणं म्हणतेय. हवेत म्हणे जादूचे किरण भरलेत! नाटकाआधी नांदी, तशी ही टीव्हीची.

दिवस २ नोव्हेंबर १९३६. लंडनच्या अलेक्झांड्रा पॅलेसमधून बीबीसीची नियमित दूरचित्रवाणी सुरू झाली तो. यंत्रणा दोन, संशोधक जॉन लोगी बेअर्डची आणि मार्कोनी-ईएमआय कंपनीची. आधी कोण, हे नाणं उडवून ठरलं. बेअर्ड जिंकला, पण मग उद्घाटनाचा सोहळा दोन्ही यंत्रणांवर एकेकदा, असा दोनदा करावा लागला. (बिचारे पाहुणे!) बेअर्डकडचा मुख्य कॅमेरा जमिनीला जखडलेला. तो आधी फिल्मवर टिपायचा, ती फिल्म खालच्या टाकीतून मिनिटभरात धुऊन निघायची आणि ओली असतानाच तिच्यावरचं चित्र घरोघरी जायचं. घरोघरी म्हणजे लंडनच्या आसपासच्या मोजक्या, पैसेवाल्या घरांत. थोडक्यात, थेट प्रक्षेपणसुद्धा मिनिटभर शिळं.

डिक्सनला ‘टीव्हीवरची पहिली गायिका’ म्हणतात, ते मला पटत नाही. त्याच वर्षी ऑगस्टमध्ये रेडिओलिंपिया या लंडनच्या रेडिओ प्रदर्शनासाठी केलेल्या कार्यक्रमात हेलन मॅके गायली होती. डिक्सनचा मान फक्त मुहूर्ताचा. पण मुहूर्ताला उभी केलेली ही काही नवखी पोर नव्हती. १९२९ मध्ये लंडनच्या ओल्ड विक नाट्यगृहाच्या रंगमंचावर जॉन गिलगुडच्या रोमिओसमोर तिनं ज्युलिएट केली होती. टीव्हीची दुपार उरकून ती पुन्हा नाटकाकडेच वळली. वर्षभरानं ब्रॉडवेवर संगीत नाटकात होती.

गंमत म्हणजे त्या दुपारचं प्रक्षेपण कुणी जपून ठेवलंच नाही. मी बघत होते ते एका माहितीपटासाठी घेतलेलं चित्रीकरण. खरं गाणं ज्यांनी ऐकलं, त्यांच्याबरोबरच गेलं.

“कोण गं ही?” आई मागे येऊन उभी.

“विलायतेत टीव्ही सुरू झाला ना, तेव्हा गायलेली.”

“मग पुढे टीव्हीवरच नाव काढलं असेल.”

“छे, नाटकातच रमली.”

“बरं. पाच झाल्या तुझ्या,” म्हणत आईनं गॅस बंद केला.