एकदाच चर्चला गेला असता तर

तुम्ही विचारलंत म्हणून लिहितो. वाचक मंडळात विचारता, लग्नाच्या पंगतीत विचारता, परवा तर सलूनमध्ये शेजारच्या खुर्चीतून विचारलंत, "काका, तुमचा तो इंग्रज सरदार गद्दार होता की संत, एकदाचं सांगून टाका." आणि लगेच हसत हसत पुढचं: "पण तुम्हाला काय पडलंय हो त्याचं? जन्म गेला लेथवर, आणि आता हे कुठलं अर्लबिर्ल!"

दुसऱ्या प्रश्नाला माझं ठरलेलं उत्तर आहे: फादर स्टीफन्समुळे. मराठीचे गोडवे गाणाऱ्या त्यांच्या ओव्या शाळेत आपण सगळ्यांनीच घोकल्या. पण विल्टशरचा हा इंग्रज 1579 साली लिस्बनहून जहाजात बसून गोव्याला का आला, आणि परत का गेला नाही, हे मला साठी उलटेपर्यंत कुणी सांगितलं नव्हतं. परत जायची सोयच नव्हती. 1585 च्या कायद्यानं परदेशात दीक्षा घेतलेला इंग्रज पाद्री इंग्लंडात सापडला की तो राजद्रोही. त्यानं काही केलंय की नाही हे विचारायचंच नाही. सापडला एवढं पुरे.

स्टीफन्स 1575 च्या ऑक्टोबरात रोममध्ये येशूसंघात, म्हणजे जेझुइट पाद्र्यांच्या संघात, दाखल झाले. पुढच्याच महिन्यात, त्याच शहरात, विल्यम वेस्टन दाखल झाला. एक आपल्याकडे आला, दुसरा चोरून इंग्लंडात शिरला. 1584 च्या सप्टेंबरअखेरीस या वेस्टननं एका सत्तावीस वर्षांच्या सरदाराला गुपचूप कॅथलिक करून घेतलं. तोच माझा सरदार. फिलिप हॉवर्ड, अरंडेलचा अर्ल.

(स्टीफन्सबाबांना फार डोक्यावर घेऊ नका. 1583 मध्ये कुंकळ्ळीला पाच पाद्री मारले गेले, आणि त्यानंतर बोलणी करायला म्हणून असोळण्याच्या किल्ल्यात बोलावलेल्या गावकर नायकांना पोर्तुगीजांनी कापून काढलं. तिकडे छळ सोसणाऱ्यांचे भाऊबंद इकडे छळणाऱ्यांच्या जहाजांतूनच उतरत होते. तो वेगळा लेख होईल, आणि तो लिहिला की तुम्ही मला तेही विचाराल.)

आता 'गद्दार'. आपल्याकडे हा शब्द उच्चारला की डोळ्यांसमोर खंडोजी खोपडा येतो. धनी सोडून शत्रूला मिळाला, एक हात आणि एक पाय गेला, विषय संपला. तेव्हाच्या इंग्लंडच्या राजघराण्याचा, ट्यूडरांचा, कायदा याहून निसरडा होता. 1352 पासून राजाचं मरण मनात योजणं हाच राजद्रोह होता. 1570 मध्ये पोपनं इंग्लंडच्या प्रोटेस्टंट राणीला, एलिझाबेथला, धर्माबाहेर काढलं आणि तिच्या प्रजेला तिच्या आज्ञेतून मोकळं केलं. त्या दिवसापासून इंग्लंडातल्या प्रत्येक कॅथलिकाची प्रार्थना संशयित झाली. पकडलेल्या पाद्र्यांना एक प्रश्न हमखास टाकत: पोपचं सैन्य उतरलं तर तू कुणाच्या बाजूनं? राणीच्या म्हणालास तर धर्म गेला, पोपच्या म्हणालास तर मान गेली, गप्प बसलास तर तेही कळलं.

फिलिपच्या घरात तर राजद्रोह वतनासारखा वारशानं चालत आला होता. आजा कवी होता, अर्ल ऑफ सरे; आपल्या ढालीवर राजघराण्याची चिन्हं घातली म्हणून 1547 च्या जानेवारीत त्याचं डोकं उडवलं. पणजाही त्याच महिन्यात जायचा, पण आदल्या रात्री आठवा हेन्रीच मेला आणि म्हातारा वाचला.

बाप, नॉरफोकचा ड्यूक, याच्या बाजूनं मी भांडणार नाही. तो होताच. स्कॉटलंडची पदच्युत कॅथलिक राणी आणि एलिझाबेथच्या गादीची दावेदार मेरी स्टुअर्ट, तिच्याशी लग्न करण्याचे बेत त्याच्या नावावर होते, आणि राणीनं विचारलं तेव्हा म्हणाला की जिच्याशेजारी उशीवर निर्धास्त डोकं टेकता येणार नाही अशी बाई मी करणार नाही. लंडनच्या टॉवरमध्ये, म्हणजे राजकैद्यांच्या किल्ल्यात, जाऊन आला, पुन्हा असं करणार नाही म्हणून लिहून दिलं, आणि पुन्हा तेच. 1571 मध्ये त्याच्या माणसांनी श्रूसबरीच्या एका कापडवाल्याकडे एक थैली सोपवली, आत पन्नास पौंडांची चांदी आहे म्हणून. कापडाचे गठ्ठे उचलणाऱ्याच्या हाताला वजन कळतं. त्यानं फोडून पाहिली तर सहाशे पौंडांचं सोनं आणि सांकेतिक लिपीतली पत्रं. 2 जून 1572 ला ड्यूकचं डोकं गेलं. गंमत अशी की हा माणूस शेवटपर्यंत प्रोटेस्टंट होता. मरण्याआधी पोरांना पत्र लिहून गेला: दरबारापासून जपा, आणि पोपच्या पंथापासूनही.

फिलिप तेव्हा चौदा वर्षांचा. राजद्रोह्याचं नुसतं डोकं जात नसे. वतन जप्त, पदवी जप्त, आणि रक्ताला बट्टा, म्हणजे बापाकडून पोराकडे काही उतरायचंच नाही. अरंडेल त्याला मिळालं ते आईच्या बापाकडून.

आणि सुरुवातीला तो काही संतबिंत नव्हता. बायकोला, ॲनला, गावी टाकून हा दरबारात राणीपुढे मिरवायचा आणि कर्ज करायचा. 1581 मध्ये टॉवरमध्ये कैदेतल्या एडमंड कॅम्पियन या जेझुइट पाद्र्याशी राणीच्या पंडितांचा वाद लावला होता. कॅम्पियन छळातून नुकता निघालेला, हाताशी पुस्तकं नाहीत. दरबारी लोक तमाशा बघायला जावं तसे गेले, त्यात हाही. तिथून निघाला तो दुसराच होऊन, असं म्हणतात. मी एवढंच म्हणेन की बायको त्याच्या आधी कॅथलिक झाली होती, आणि ते राणीच्या कैदेत राहून भोगून बसली होती.

एप्रिल 1585 मध्ये ससेक्सच्या किनाऱ्यावरून तो पळाला. राणीसाठी मागं पत्र ठेवून गेला. जहाज समुद्रातच पकडलं. आधी दहा हजार पौंडांचा दंड झाला, मग 1588 मध्ये स्पेनचं आरमार इंग्लंडवर चालून आलं त्यानंतर, 14 एप्रिल 1589 ला, वेस्टमिन्स्टर हॉलमध्ये खटला. मुख्य आरोप काय, तर स्पेनच्या विजयासाठी प्रार्थना करवली. साक्षीदार कोण, तर टॉवरमधलाच कैदी पाद्री, बेनेट. भीतीपोटी बोललो असं त्यानं आधी लिहून दिलेलं, आणि कोर्टात पुन्हा पहिलंच म्हणाला. फिलिपचं म्हणणं, स्पॅनिश उतरले तर लंडनमधले कॅथलिक कापले जातील अशी आवई होती, त्यांच्या जिवासाठी चोवीस तासांची प्रार्थना ठरवली. राजद्रोहाच्या खटल्यात आरोपीला वकील नसायचा. स्वतःच उभा राहिला, स्वतःच बोलला. फाशीची शिक्षा झाली.

प्रार्थनेसाठी! हे मी वाचक मंडळात टेबलावर हात आपटून सांगितलं तेव्हा तुमच्यापैकीच कुणीतरी हळूच म्हणालं, "पण काका, प्रार्थना कशासाठी होती हे तुम्हाला कसं ठाऊक?" बरोबर आहे. परदेशात राहिलेल्या इंग्रज कॅथलिकांचा पुढारी विल्यम ॲलन, ज्याच्याशी त्याचा पत्रव्यवहार होता, तो ॲलन आरमाराच्या बाजूनं उघड उभा होता. मला त्याच्या मनातलं ठाऊक नाही. एलिझाबेथलाही नव्हतं, म्हणून तर तिनं शिक्षा अमलात आणली नाही आणि सोडलंही नाही.

तर तो पडून राहिला, साडेदहा वर्षं. अटकेनंतर अडीच महिन्यांनी त्याला मुलगा झाला, तो त्यानं कधी पाहिला नाही. 1595 च्या शरदात मरायला टेकला तेव्हा राणीला विनंती केली, बायको-मुलांना एकदा भेटू द्या. घरच्यांच्या बाजूनं लिहिलेल्या चरित्रात असं येतं की निरोप आला: एकदा, फक्त एकदा, आमच्या चर्चमध्ये प्रार्थनेला बस; बायको-मुलं भेटतील, आणि मान, जमिनी सगळं परत. तो नाही म्हणाला. 19 ऑक्टोबरला गेला. अडतीस वर्षांचा होता. 1970 मध्ये पोपनं त्याला संत केलं, तेव्हा तुमच्या पहिल्या प्रश्नाचं सरकारी उत्तर आहे, हवं तर ते घ्या.

पहिल्यांदा हे वाचलं तेव्हा मी मंडळात काय बोललो होतो, ते काहींना आठवत असेल. म्हणालो होतो, हे पोट भरलेल्यांचे हट्ट. तासभर बाकावर बसायचं, मनात काय म्हणायचं ते म्हणायचं, आणि पोराला मांडीवर घ्यायचं. हजारोंनी तेच केलं. त्यांना 'चर्च पेपिस्ट' म्हणत. महिन्याला वीस पौंडांचा दंड चुकवायला नवरा चर्चला जाई, आणि बायको घरी जपमाळ ओढत बसे. शहाणी माणसं.

फार जोरात म्हणालो होतो. का, ते आज सांगतो.

1991 मध्ये आमच्या कारखान्यात लॉकआउट होता. ठाणे-बेलापूर पट्ट्यातला कारखाना, नाव नको. सातवा महिना. गेटवर रोजची मीटिंग, रोज थोडी माणसं कमी. मग कंपनीनं नोटीस लावली: गुड कंडक्ट बाँड भरा आणि कामावर या. पुढच्या गेटला आमची माणसं बसलेली, म्हणून टेबल टाकलं मागच्या गेटच्या आत, टाइम ऑफिसच्या पत्र्याखाली. पाऊस होता. पत्र्यावर एवढा आवाज की टाइमकीपर काय वाचून दाखवतोय ते ऐकूच येत नव्हतं. सायक्लोस्टाइल केलेला कागद, शाई एका बाजूला फिकट. बेकायदा संपात भाग घेतल्याबद्दल दिलगीर आहे, यापुढे घेणार नाही. नावासाठी टिंबं. पेन दोऱ्यानं टेबलाच्या पायाला बांधलेलं, आणि दोरा इतका आखूड की सही करायला वाकावं लागे. ते मुद्दाम होतं की नाही, यावर मी कित्येक रात्री घालवल्यात. नसेल मुद्दाम. पेनं चोरीला जातात.

वाकलो आणि सही केली.

माझ्या शेजारच्या मशीनवर जो होता, त्यानं केली नाही. तो परत आलाच नाही. पुढं रिक्षा चालवली, मग डोळे गेले तशी तीही बंद केली. वर्षभरानं स्टेशनबाहेर भेटला. मी माझं कारण सांगायला लागलो, तर म्हणाला, "सही केलीस त्याचं काही नाही रे. पण मागच्या गेटनं गेलास."

माझं कारण तुम्हाला ठाऊक आहे. आमच्या घरी ते सगळ्यांना ठाऊक आहे. बायको चिपळूणला माहेरी, मुलगी आठव्या महिन्यात झालेली, काचेच्या पेटीत ठेवलेली, दवाखान्याचं बिल, बांगड्या सावकाराकडे. हे सगळं खरं आहे. फक्त मी सही केली त्याच्या सोळा दिवस आधी मुलगी पेटीतून बाहेर येऊन आजीच्या मांडीवर दूध पीत होती. बिल मेहुण्यानं भरलं होतं. पत्र आलं होतं मला, वाचलं होतं. सही केली त्या दिवशी माझ्यावर कुणाच्या जिवाचं ओझं नव्हतं. मी कंटाळलो होतो, आणि रोज सकाळी गेटवर कोण कमी झालंय ते मोजायची भीती वाटायला लागली होती, एवढंच. पेटी मी नंतर जोडली. स्टेशनबाहेरच जोडली बहुतेक.

म्हणून मला तो सरदार हट्टी हवा होता. आता म्हातारपणी कधी कधी संत हवासा वाटतो, तेही तितकंच माझ्या सोयीचं आहे: संताशी कुणी कुणाची बरोबरी करत नाही. एखाद्या रात्री वाटतं, ॲनला विचारलं असतं कुणी? ती चाळिशीही न गाठता विधवा झाली. आणि तिचा मुलगा, बापानं ज्याचं तोंड पाहिलं नाही तो, मोठा होऊन राजाच्या चर्चमध्ये जाऊन बसला. बापाला एकदा नको होतं, ते पोरानं कायमचं घेतलं. त्याला कुणी गद्दार म्हणत नाही. त्यानं गोळा केलेल्या ग्रीक-रोमन मूर्तींचं कौतुक करतात.

लेकीकडे इंग्लंडला गेलो होतो तेव्हा ती मला टॉवरमध्ये घेऊन गेली. बीचम टॉवरची खोली, भिंतभर कैद्यांनी कोरलेलं. एका बाजूला डडली भावांनी कोरलेली फुलं-पानं आणि प्राणी. ते आत आले होते प्रोटेस्टंट राणी गादीवर बसवायला निघाले म्हणून. आणि चुलीच्या वर आमचा फिलिप, लॅटिनमध्ये: ख्रिस्तासाठी या जगात जितकं सोसावं, तितकं पुढे त्याच्यासोबत वैभव. खाली अरंडेल, 22 जून 1587. अक्षर सुरेख आहे, ओळ सरळ. लेथवर काम केलेल्या माणसाला कळतं, असं घाईत होत नाही.

लेक म्हणाली, "याला मुलं नव्हती का?" मी मुलाचं सांगितलं, राणीच्या निरोपाचं सांगितलं. ती जरा वेळ बघत राहिली. मग माझ्या दंडाला धरून म्हणाली, "तुम्ही माझ्यासाठी केलीत ना सही."

मी हो म्हणालो.

ती मराठी अजून वाचते. हळू वाचते, पण वाचते.