काकाजींचा ग्राफ

नागपूरच्या धंतोलीतल्या आमच्या कानाच्या क्लिनिकमध्ये गेल्या महिन्यात एक काकाजी आले. सुरक्षा दलातून हवालदार म्हणून निवृत्त झालेले, आता मिहानकडे एका गोडाऊनवर रखवाली करतात. सुनेने हट्टाने आणलं होतं. "मॅडम, मले आवाज येते, पण शब्द नाही समजत." (त्यांना विचारूनच हे लिहितेय.)

तपासणीच्या बंद केबिनमध्ये बसवून हेडफोन लावले, बटण हातात दिलं. खालच्या पट्टीतल्या सुरापासून वर वर जायचं: 500 हर्ट्झ, 1000 हर्ट्झ, अंगठा पटापट दाबला जात होता. 3000 ला थबकला. 4000 ला मी आवाज वाढवत गेले, 50, 60, 70 डेसिबल, तेव्हा कुठे अंगठा हलला. 8000 ला परत जरा बरं. कागदावर रेघ खड्ड्यात उतरून वर आली. वयामुळे ऐकू कमी येतं तेव्हा रेघ उतरतच जाते, अशी वर येत नाही.

"काकाजी, कानाजवळ कधी काही फुटलं होतं का?"

बऱ्याच वेळाने बोलले. वीसेक वर्षांपूर्वी बंद खोलीत घुसण्याचा सराव चालला होता. उजव्या कानातला प्लग निसटला, आणि तेवढ्यात आत स्टन ग्रेनेड पडला. संध्याकाळपर्यंत कानात शिट्टी वाजत होती. ती अजून थांबलेली नाही.

हा ग्रेनेड तुकडे उडवून मारण्यासाठी नसतो. त्याचं धातूचं नळकांडं शाबूत राहतं, भोकांमधून झगझगीत उजेड आणि धमाका बाहेर पडतो. काही सेकंद डोळ्यांपुढे नुसता पांढरा डाग, तोल जातो, तेवढ्यात जवान आत शिरतात. 1977 मध्ये मोगादिशूला अपहृत जर्मन विमानातले प्रवासी सोडवताना तो वापरला गेला, 1980 मध्ये लंडनच्या इराणी दूतावासातही. ओलिसांचे जीव वाचवायला या साधनाची गरज आहे, हे मी मनापासून मान्य करते.

पण जवळून त्याचा आवाज 170 ते 180 डेसिबल भरतो. दर 20 डेसिबलला दाब दहापट होतो, म्हणजे ज्या 140 ला आम्ही कानासाठी धोक्याची रेषा मानतो, त्याच्या साधारण तीसपट ते शंभरपट. मोठ्या आवाजाला कानातला एक इवलासा स्नायू आखडून आतल्या भागाला सांभाळतो, पण त्याला क्षणभर वेळ लागतो आणि स्फोट त्याआधीच संपलेला असतो. आवाज टिपणाऱ्या आतल्या केसपेशी एकदा मेल्या की पुन्हा उगवत नाहीत. काकाजींचा अंगठा अडला त्याच वरच्या पट्टीत 'स', 'श', 'फ' ही अक्षरं असतात. म्हणून काकाजींना आवाज येतो, शब्द कळत नाही.

शिवाय नळकांडं तापतं, पडदे-गाद्या पेटतात. 2014 साली अमेरिकेत जॉर्जिया राज्यात पोलिसांनी अमली पदार्थांच्या छाप्यात टाकलेला असा ग्रेनेड 19 महिन्यांच्या बाळाच्या पाळण्यात पडला. चेहरा, छाती भाजली. घरात अमली पदार्थही सापडले नाहीत आणि ज्याला शोधत होते तोही नव्हता. अशा ग्रेनेडबद्दल म्हटले जाणारे 'जीव घेत नाही' हे शब्द मला तेव्हापासून फार खुपतात.

आपल्याकडे 1959 च्या शस्त्र कायद्यात ग्रेनेड प्रतिबंधित दारूगोळ्यात मोडतात, केंद्र सरकारच्या खास परवानगीशिवाय कोणी बाळगू शकत नाही. देशभरातल्या स्फोटकांच्या परवान्यांचा कारभार पाहणाऱ्या पेसोचं मुख्यालय तर आपल्याच सेमिनरी हिल्सला आहे. फटाक्यालाही फुटल्या जागेपासून चार मीटरवर 125 डेसिबलची मर्यादा आहे, तरी दर दिवाळीनंतर सुतळी बॉम्बवाली पोरं माझ्याकडे येतातच. कोणी बाळगावं हे कायद्याने ठरवलंय. टाकणाऱ्याच्या आणि समोरच्याच्या कानाची काळजी मात्र त्या त्या तुकडीच्या शिस्तीवर सोडलेली दिसते, आणि मला ते पुरेसं वाटत नाही.

मी काकाजींना फोमचा प्लग लावून दाखवला. बोटांत वळून बारीक करायचा, दुसऱ्या हाताने कान वर ओढायचा, आत सारून फुगेपर्यंत बोट धरून ठेवायचं. वरून इअरमफ. आणि कधी धमाक्यानंतर कान बंद वाटला, तर पहिल्या एक-दोन दिवसांतच कानाच्या डॉक्टरांकडे जायचं. ते म्हणाले, "आमाले असं कोनीच नाही दाखवलं."

त्यांनी दोन्ही कानांवर यंत्र घालून पाहिलं. शेजारी बसलेली नात 'शाळा' म्हणाली, तसे वळले. जाताना ग्राफच्या दोन कॉप्या मागितल्या. एक घरी. दुसरी भाच्याला, तो आत्ताच भरती झालाय.