तुम्ही विचारलंत म्हणून: शकीलाचं नाव मी का घेते

मल्याळम सिनेमावर बोलायला मला अधूनमधून बोलावणं येतं. अडूर गोपालकृष्णन, अरविंदन, जॉन अब्राहम (हिंदीतला नट नव्हे) या नावाजलेल्या मल्याळम दिग्दर्शकांबद्दल बोलून झालं की मी शकीलाचं, 'फक्त प्रौढांसाठी'च्या सिनेमांतल्या नटीचं, नाव घेते. मग कार्यक्रम संपल्यावर कुणीतरी हमखास गाठून विचारतं, "त्या बाईला या यादीत कशाला आणलंत? तिला काय अभिनेत्री म्हणायचं?"

हो, म्हणायचं. आणि तिला वगळून मल्याळम सिनेमाचा इतिहास सांगणं मला खोटेपणाचं वाटतं.

२००० च्या सुमाराला केरळातली थिएटरं वाईट दिवस बघत होती. मोठ्या नटांचे सिनेमेही पडत होते. त्याच वर्षी शकीलाचा 'किन्नारत्तुंबिकळ' आला. खर्च जेमतेम १२ लाख आणि कमाई काही कोटींची, असं सांगतात. मग तशा सिनेमांची रांगच लागली. थोड्या दिवसांत शूटिंग उरकायचं, कथा कसलीही चालेल, पोस्टरवर शकीला हवी. हे सिनेमे तमिळ, तेलुगू, हिंदीत डब होऊन देशभर फिरले. आपल्याकडेही ते मॉर्निंग शोला लागायचे, त्यांची पोस्टरं एसटी स्टँडसमोरच्या भिंतींवर असायची. तेव्हा पोस्टरवरच्या त्या बाईचं गाव कोणतं, तिच्या घरी कोण कोण आहे, हे कुणी विचारलं नाही.

ती चेन्नईत वाढलेली, शाळा अर्धवट सुटलेली मुलगी. घरात खाणारी तोंडं पुष्कळ. १९९५ मध्ये एका तमिळ सिनेमात सिल्क स्मिताबरोबर, म्हणजे दक्षिणेतल्या मादक भूमिकांसाठी गाजलेल्या नटीबरोबर, तिला पहिलं काम मिळालं. पुढच्याच वर्षी सिल्क स्मिता गेली, अवघ्या पस्तिशीत. त्यानंतर काही वर्षांतच मल्याळममध्ये शकीलाची लाट आली. भरपूर काम, रोख पैसे. ती कमाई घरच्यांच्या हाती गेली आणि आपल्याकडे काही उरलं नाही, हे तिने मुलाखतींतून स्वतः सांगितलं आहे.

मला सगळ्यात जास्त चीड कशाची येते, ते सांगते. सेन्सॉरने पास केलेली प्रिंट वेगळी असायची आणि पडद्यावर दिसायचं ते वेगळं. थिएटरच्या केबिनमध्ये ऑपरेटर मध्येच उघड्यावाघड्या दृश्यांच्या रिळाचा एखादा तुकडा जोडायचा. केरळात त्याला 'तुंडु' म्हणतात. तो तुकडा त्या सिनेमाचा असेलच असं नाही आणि त्यातली बाई शकीला असेलच असंही नाही. पुढे पुढे तर तिच्या दृश्यांसाठीसुद्धा दुसऱ्या बाईला उभं करत. प्रेक्षक मात्र शकीलाला बघून आलो म्हणून घरी जायचे. तुकडा जोडायला लावणारा थिएटरमालक, तो पुरवणारा वितरक, नफा खिशात घालणारा निर्माता यांची नावं आज कुणाला आठवत नाहीत. ते त्याच गावांत मानाने राहिले. बदनामी तेवढी एकटीच्या नावावर चढली. जिचा चेहरा नव्हता आणि नावही नव्हतं, त्या दुसऱ्या बाईबद्दल तर आपल्याला काहीच माहीत नाही.

लाट काही वर्षांत ओसरली. सेन्सॉरचा जाच वाढला, शिवाय सीडी आल्या आणि नंतर इंटरनेट आलं. शकीला तमिळ, तेलुगू, कन्नडमध्ये छोट्या विनोदी भूमिका करू लागली. २००७ मध्ये मोहनलालच्या एका सिनेमात ती शकीला म्हणूनच पडद्यावर आली. २०१३ मध्ये तिचं आत्मचरित्र मल्याळममध्ये आलं. मिला नावाच्या ट्रान्स मुलीला तिने आपली लेक मानलं आहे. तमिळ टीव्हीवरच्या 'कुकू विथ कोमाळी' या स्वयंपाकाच्या कार्यक्रमात ती अंतिम फेरीपर्यंत गेली आणि तिथली तरुण मुलं तिला 'अम्मा' म्हणायची. तिचा विनोद आणि समोरच्याला सांभाळून घेण्याची रीत तेव्हा घराघरांत पोचली. ते अंगचे गुण होते, पण वीस वर्षं कुणाला ते दाखवून घ्यावेसे वाटले नाहीत.

"अभिनेत्री कसली?" याचं माझं उत्तर हेच आहे. अभिनय दिसायला आधी लिहिलेली भूमिका लागते. तिच्या वाट्याला भूमिका आल्या नाहीत, कॅमेऱ्याचे कोन आले. तरी त्या घाईगर्दीच्या सिनेमांतसुद्धा एखाद्या साध्या प्रसंगात, समोरच्याचं बोलणं ऐकताना तिच्या चेहऱ्यावर जो सहजपणा येतो, तो शिकवून येत नाही. एकदा तेवढ्यासाठी बघा.

आणि हे सगळं जुनं झालं, असं म्हणू नका. नोव्हेंबर २०२२ मध्ये कोळिकोडच्या एका मॉलमध्ये एका मल्याळम सिनेमाच्या ट्रेलरचा कार्यक्रम ठरला होता. प्रमुख पाहुणी शकीला आहे म्हटल्यावर मॉलने सुरक्षेचं कारण पुढे केलं. तिच्याशिवाय कार्यक्रम करा, असं त्यांचं म्हणणं पडलं. त्या सिनेमाचा दिग्दर्शक ओमर लुलू याने तिला वगळायला नकार दिला आणि तो कार्यक्रमच रद्द केला.