मुनस्यारी: पावलं मोजणाऱ्यांच्या मुलखात

उत्तराखंडातल्या कुमाऊं भागात, पार वर हिमालयात असलेल्या मुनस्यारीला जायचं ठरवलंत तर जायला दोन दिवस आणि यायला दोन दिवस बाजूला काढा. काठगोदामहून एका दिवसात पोचवणाऱ्या गाड्या मिळतात, पण पावणेतीनशे-तीनशे किलोमीटरचा बहुतेक सगळा घाटच आहे. बारा तास अंग घुसळून निघतं आणि वाटेतलं काहीच बघून होत नाही. आम्ही चौघं ऑक्टोबरच्या दुसऱ्या आठवड्यात गेलो. दिल्लीहून रात्रीची राणीखेत एक्सप्रेस धरली, पहाटे काठगोदामला उतरलो आणि पहिला मुक्काम बागेश्वरला केला.

बागेश्वर गाळू नका. सरयू आणि गोमती यांच्या संगमावर बागनाथाचं देऊळ आहे, तिथे संध्याकाळी तासभर नुसतं बसावं. इंग्रजांच्या काळात कुमाऊंमध्ये कुली-बेगार होती. साहेब दौऱ्यावर निघाला की त्याचं सामान गावकऱ्यांनी फुकट वाहायचं. कोणाची पाळी कधी, हे गावाच्या रजिस्टरात लिहिलेलं असे. 1921 च्या जानेवारीत उत्तरायणीच्या जत्रेला हजारो माणसं इथे जमली आणि बद्रीदत्त पांडे यांच्या हाकेसरशी ती रजिस्टरं पाण्यात बुडवली गेली. बेगार संपली. त्याच वर्षी सरकारने राखीव करून टाकलेल्या जंगलांसाठीही कुमाऊं पेटलं होतं. त्या रेट्यातून पुढे 1931 साली वनपंचायती आल्या, म्हणजे गावाचं जंगल गावानेच निवडलेल्या पंचांकडे. हे आधी ठाऊक असलं की मुनस्यारीत जे दिसतं ते नीट कळतं.

दुसऱ्या दिवशी चौकोडी, थल, मग पूर्व रामगंगेच्या काठाने वर. वाटेत नाचनी नावाचं गाव लागतं आणि पुढे चक्क गिरगावही. नाचनीच्या आसपासचे डोंगर हिरवेगार असले तरी त्यांवर विश्वास टाकू नका. 2009 च्या ऑगस्टमध्ये याच पट्ट्यातली ला आणि झेकला ही गावं एका रात्रीत मलब्याखाली गेली, चाळीसहून अधिक माणसं दगावली. आमच्या वेळी पाऊस संपून दोन आठवडे झाले होते, तरी एका वळणावर दरड आली आणि तीन तास अडकलो. जेसीबी येईपर्यंत चालकदादा सगळ्यांना गाडीपासून लांब, मोकळ्या बाजूला उभं करून वर डोंगराकडे बघत राहिले. एखादा छोटा दगड घरंगळला की मागून मोठा येतो, म्हणाले. जुलै-ऑगस्टमध्ये इकडे येऊच नका. मार्च-एप्रिलमध्ये बुरांस, म्हणजे ऱ्होडोडेंड्रॉन फुलतो, ऑक्टोबर-नोव्हेंबरमध्ये आकाश स्वच्छ असतं. डिसेंबरपासून बर्फ पडलं की काळामुनीची खिंड अधूनमधून बंद होते.

बिर्थीचा धबधबा सव्वाशे मीटरचा आहे, तिथे जेवण उरका. मग काळामुनीला चढा. देवीच्या देवळाला नमस्कार करून चार वळणं उतरलो आणि पंचाचुलीची पाच शिखरं एकदम समोर आली. पांडवांनी स्वर्गाच्या वाटेवर शेवटचा स्वयंपाक केला, त्या पाच चुली. सर्वांत उंच शिखर 6,904 मीटर. ‘सार संसार, एक मुनस्यार’ ही इथली म्हण आहे, सगळं जग एका बाजूला आणि मुनस्यारी एका बाजूला. गाडीतले सगळे गप्प झाले होते.

राहायला बाजारातल्या हॉटेलात जाऊ नका, सरमोलीत उतरा. बाजारापासून चालत जाण्याएवढ्या अंतरावरचं हे गाव. गेली वीसेक वर्षं इथल्या बायका आपल्या घरातली खोली पाहुण्यांना देतात आणि हे सगळं काम तिथल्या वनपंचायतीशी जोडलेलं आहे. मल्लिका विर्दी या वनपंचायतीच्या सरपंच असताना हे सुरू झालं. गावातलं मेसर कुंड गावकऱ्यांनीच पुन्हा जिवंत केलं. 2023 मध्ये केंद्राच्या पर्यटन मंत्रालयाने सरमोलीला देशातलं उत्कृष्ट पर्यटन गाव ठरवलं. सकाळी पाचला उठून दीदी गवत कापायला जातात, आल्यावर तुमचा नाश्ता. त्यामुळे नाश्ता नऊच्या आधी मागू नये.

आमच्या घरात दीदींच्या सासूबाई होत्या, सगळे त्यांना आमा म्हणत, आम्हीही म्हणू लागलो. दिवसभर अंगणात उन्हाला बसायच्या आणि हातात तकली. बोलता बोलता बोटांची एक गिरकी, तकली गरगरत खाली जायची, लोकरीचा धागा लांब व्हायचा, मग तो गुंडाळायचा, पुन्हा गिरकी. धाग्याकडे त्या बघतही नव्हत्या. तुम्ही महाराष्ट्रातले म्हटल्यावर म्हणाल्या, “हमारे पंत लोग तो तुम्हारे उधर से ही आए ठैरे.” कुमाऊंतली पंत घराणी आपलं मूळ कोकणात सांगतात, हे मी वाचलं होतं, पण एका अंगणात ते असं ऐकायला मिळेल असं वाटलं नव्हतं.

आमा जोहार खोऱ्यातल्या, शौका समाजाच्या. सरकारी कागदात या समाजाला भोटिया म्हणतात, 1967 पासून अनुसूचित जमातीत नोंद आहे. त्यांना स्वतःला शौका म्हटलेलं आवडतं, तेच म्हणा. गोरी गंगेच्या वरच्या खोऱ्यातलं मिलम हे त्यांचं गाव. उन्हाळ्यात मिलम, थंडीत खाली. पुरुष उंटाधुरा, जयंती आणि कुंगरी-बिंगरी या तीन खिंडी ओलांडून तिबेटात ग्यानिमाच्या बाजाराला जायचे. इकडून धान्य, गूळ, कापड, तिकडून मीठ, लोकर, टाकणखार. आमांचे वडील तिबेटात शेवटचे जाऊन आले तेव्हा त्या बारा वर्षांच्या होत्या. 1962 चं युद्ध झालं, खिंडी बंद झाल्या आणि शेकडो वर्षांचा व्यापार एका हंगामात संपला. “भेड़ें बिक गईं,” एवढंच म्हणाल्या आणि तकली फिरवली.

या मुलखाची खरी गोष्ट समजायची तर नानासेमचं संग्रहालय बघा. शेरसिंह पांगती या निवृत्त शिक्षकांनी आयुष्यभर घरोघर फिरून गोळा केलेल्या वस्तू तिथे आहेत. मी सर्वांत जास्त वेळ थांबलो ते करबछपाशी. मेंढीच्या पाठीवर दोन्ही बाजूंना लोंबणारी जाड लोकरीची जोडपिशवी, तळाला चामडं शिवलेलं, कडा घासून काळ्या झालेल्या. एक मेंढी असं दहा-एक किलो मीठ घेऊन सतरा-अठरा हजार फुटांची खिंड चढायची. मी शिवणीवरून बोट फिरवायची परवानगी मागितली, मिळाली. आत कुठेतरी अजून मिठाचा वास असेल असं मला वाटत राहिलं.

तिथेच नैनसिंह रावतांची आठवण जपलेली आहे. मिलमच्या शाळेतले हे मास्तर, म्हणून ‘पंडित’. परदेशी माणसाला तिबेट बंद होतं, तेव्हा इंग्रज सरकारच्या भूमापन खात्याने, म्हणजे सर्व्हे ऑफ इंडियाने, यांना डेहराडूनला शिकवून यात्रेकरूच्या वेषात पाठवलं. पाऊल इतकं पक्कं केलेलं की मैलाला बरोबर 2,000 पावलं. जपमाळेत 108 ऐवजी 100 मणी, दर शंभराव्या पावलाला एक मणी ओढायचा, पूर्ण माळ म्हणजे पाच मैल. नोंदी प्रार्थनाचक्रात लपवलेल्या. काठमांडूहून निघून 1866 च्या जानेवारीत ते ल्हासाला पोचले आणि त्या शहराची उंची व स्थान ठरवलं. 1877 मध्ये लंडनच्या रॉयल जिओग्राफिकल सोसायटीने सुवर्णपदक दिलं. दुसऱ्या दिवशी खलियाच्या चढावर मी पावलं मोजून पाहिली. साडेतीनशेनंतर श्वास लागला आणि आकडा सुटला. ते पंचवीस लाख पावलं मोजत गेले, पकडले जाण्याच्या भीतीत.

खलिया टॉप सुमारे 3,500 मीटरवर आहे. बलाती वळणापासून सहा किलोमीटर चढ, आधी खर्सू (पहाडी ओक) आणि बुरांसचं जंगल, मग मोकळं बुग्याल, म्हणजे डोंगरमाथ्यावरची गवताळ कुरणं. सकाळी सातला निघा, पाणी आणि खाणं खालून न्या, दुपारपर्यंत उतरायला लागा. मुनस्यारीत एक पूर्ण दिवस घालवल्याशिवाय चढू नका, आमच्यातल्या एकाचं डोकं तरीही ठणकलं. बुग्यालावर रात्रीचा तंबू ठोकायला उच्च न्यायालयाने 2018 मध्ये मनाई केली आहे आणि ती योग्यच आहे. त्या गवताची मुळं उखडली की माती वाहून जाते आणि पुन्हा धरायला कित्येक वर्षं लागतात. आम्हाला वर एक मराठी ग्रुप भेटला, मोठा स्पीकर लावून नाचत होता. मला मनापासून वाईट वाटलं. मोनाल पक्षी तिथेच झुडपांत असतो, शांत बसलात तर दिसतो.

मिलमपर्यंत आम्ही गेलो नाही. तो साठेक किलोमीटरचा वेगळा ट्रेक आहे, जून ते ऑक्टोबर, ओळखपत्र आणि स्थानिक प्रशासनाची परवानगी लागते. त्यासाठी वेगळा आठवडा ठेवा.

रोख पैसे काठगोदामशेजारच्या हल्द्वानीतूनच घेऊन निघा, एटीएमच्या भरवशावर राहू नका. नेहमीची औषधं आणि उलटीच्या गोळ्या जवळ हव्यात, मोठं रुग्णालय गाठायचं तर पिथौरागढ सव्वाशे किलोमीटरवर आहे. ऑक्टोबरातही रात्री दोन थर कपडे लागतात. जेवणात मडुव्याची रोटी मागा, मडुवा म्हणजे आपली नाचणीच. सोबत भांगेच्या बियांची चटणी आणि जंबू या पहाडी वनस्पतीची फोडणी दिलेला राजमा. मुनस्यारीच्या राजम्याला भौगोलिक मानांकन आहे. तो दुकानातून न घेता ज्यांच्याकडे राहिलात त्यांच्याकडूनच घ्या. शाल किंवा थुलमा, म्हणजे जाड लोकरी पांघरूण, घ्यायचा असेल तर दरकोट गावात जा, माग घरातच असतात, बघून घेता येतं. घासाघीस करू नका. एका शालीमागे किती दिवस जातात ते विणणाऱ्या ताईंना विचारा.

परतीच्या जीप पहाटे पाचच्या सुमाराला बाजारातून सुटतात, जागा आदल्या संध्याकाळीच सांगून ठेवावी लागते. आम्ही निघालो तेव्हा अंधार होता, तरी आमा उठून बसल्या होत्या. चुलीवर लोण्या-मिठाचा चहा उकळत होता, त्याला इथे ‘ज्या’ म्हणतात. ताटलीएवढ्या पेल्यात तो आम्हाला प्यायला लावला आणि म्हणाल्या, काळामुनीवर गार वारं असतं, कान बांधा.